आधी नेमणूक, मग पात्रता

केंद्रशाळेच्या मासिक शिक्षण परिषदेला जमलेले जिल्हा परिषदेचे शिक्षक चहाच्या वेळी एकमेकांना विचारतात, ‘‘तुमचं चट्टोपाध्याय झालं का?’’ तिऱ्हाइताला वाटावं, हा कुठला तरी विधी असेल. प्रत्यक्षात प्रश्न पगाराचा असतो. केंद्र सरकारने १९८३ साली नेमलेल्या राष्ट्रीय शिक्षक आयोगाचे अध्यक्ष होते डी. पी. चट्टोपाध्याय, तत्त्वज्ञानाचे अभ्यासक आणि राजकारणी. शिक्षक ज्या पदावर लागतो त्याच पदावरून बहुधा निवृत्त होतो. मुख्याध्यापकाच्या खुर्च्या मोजक्या आणि वाट पाहणारे उदंड. म्हणून पदोन्नती नाही तर निदान पगाराची एखादी पायरी तरी चढता यावी, असा विचार पुढे आला. त्यातून १२ वर्षांनंतर वरिष्ठ वेतनश्रेणी आणि २४ वर्षांनंतर निवडश्रेणी आली. अध्यक्षांचं नाव पगाराला चिकटलं ते कायमचं.

पण १२ वर्षं भरली म्हणून ही श्रेणी आपोआप लागत नाही. त्यासाठी विहित प्रशिक्षण पूर्ण झालेलं असावं लागतं. सगळं घोडं अडतं ते इथेच. हे प्रशिक्षण शिक्षकाला स्वतःच्या हिमतीवर कुठे जाऊन घेता येत नाही. शासनाने आयोजित केलं तरच ते मिळतं. शासनाने वर्षानुवर्षं वर्ग भरवले नाहीत तर शिक्षकाची १२ वर्षं होतात, १५ होतात, कुणी निवृत्तीला येऊन ठेपतो, आणि फाइलवर शेरा पडतो की प्रशिक्षण नाही, सबब लाभ नाही. मग वाद सुरू होतो. लाभ कुठल्या तारखेपासून द्यायचा, सेवा पूर्ण झाली त्या दिवसापासून की प्रशिक्षण झालं त्या दिवसापासून? दोन तारखांमध्ये पाच-सात वर्षांचं अंतर असेल, तर फरकाची रक्कम, पुढच्या वेतनवाढी आणि शेवटी निवृत्तिवेतन हे सगळंच बदलतं. निवडश्रेणीची गोष्ट आणखी निराळी. वरिष्ठ श्रेणीतल्या फक्त २० टक्के पदांना ती मिळते, म्हणजे अटी पूर्ण करूनही रांगेत उभं राहणं आलंच.

ऑक्टोबर २०१७ मध्ये तर शासनाने या श्रेणींना शाळेच्या निकालाची आणि शाळासिद्धी या शाळा-मूल्यांकनातल्या दर्जाचीही अट जोडली. वर्गात मन लावून शिकवणाऱ्या शिक्षकाची वेतनश्रेणी शाळेच्या भिंती आणि शौचालयं यांच्या गुणांवर अवलंबून राहू लागली. संघटना खवळल्या आणि पुढे ती अट मागे घ्यावी लागली. साचलेला अनुशेष फेडायला २०२२ साली राज्य शैक्षणिक संशोधन व प्रशिक्षण परिषदेने ऑनलाइन प्रशिक्षण सुरू केलं. त्यासाठी शिक्षकांकडून दोन हजार रुपये शुल्क घेतलं आणि नव्वद हजारांहून अधिक शिक्षकांनी नोंदणी केली. प्रशिक्षणाची किती तहान साठली होती, हे या आकड्यावरून कळतं. अर्थात ती ज्ञानाची किती आणि फरकाच्या बिलाची किती, हा प्रश्न कुणी शिक्षकांना विचारू नये आणि शिक्षकांनीही त्याचं उत्तर देऊ नये.

हा वाद तसा घरगुती म्हणावा असा आहे. देशात याच जातीचे याहून कितीतरी मोठे खटले लढले गेले. उत्तर प्रदेश, बिहार, छत्तीसगड, तमिळनाडू अशी राज्यं बदलत गेली, पण खटल्यांची घडण फारशी बदलली नाही. शिक्षक कमी पडतात आणि पूर्ण पगाराचा शिक्षक परवडत नाही. म्हणून सरकार कमी पात्रतेचा किंवा कमी पगाराचा नवा वर्ग काढतं आणि त्याला मित्र, सेवक, नियोजित असं काहीतरी नाव देतं. दहा-पंधरा वर्षं शाळा त्याच्या जिवावर चालतात. मग कायद्याला पात्रतेची आठवण होते. हे वरातीमागून येणारं घोडं शेवटी तुडवतं ते नेमलेल्या माणसाला; नेमणाऱ्याला कुठलाच निकाल घरी पाठवत नाही.

उत्तर प्रदेशातली शिक्षामित्रांची हकीकत यात सगळ्यात ठसठशीत. १९९९ साली तिथल्या सरकारने योजना आखली. बारावी झालेला गावातलाच तरुण किंवा तरुणी, ११ महिन्यांचा करार, महिना १४५० रुपये मानधन. आदेशात स्वच्छ लिहिलं होतं की ही नोकरी नव्हे, समाजसेवा आहे. समाजसेवकांची संख्या हळूहळू पावणेदोन लाखांच्या पुढे गेली. कित्येक खेड्यांत शाळेचं कुलूप उघडणारा रोजचा माणूस हाच होता. २०१० साली शिक्षण हक्क कायदा लागू झाला. पहिली ते आठवीच्या शिक्षकाला किमान पात्रता हवी, ती राष्ट्रीय अध्यापक शिक्षा परिषद म्हणजे एनसीटीई ठरवणार, हे पक्कं झालं. परिषदेने २३ ऑगस्ट २०१०ला अधिसूचना काढून शिक्षक पात्रता परीक्षा, म्हणजे टीईटी, बंधनकारक केली.

राज्य सरकारने शिक्षामित्रांना दूरशिक्षणाने दोन वर्षांचं प्रशिक्षण दिलं आणि २०१४पासून त्यांना थेट सहायक शिक्षक म्हणून कायम करायला सुरुवात केली. टीईटीची अट राज्याने आपल्या अधिकारात शिथिल केली. असा अधिकार राज्याला होता का? अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने १२ सप्टेंबर २०१५ रोजी नाही म्हणून सांगितलं. पीठाचे प्रमुख होते तेव्हा तिथले मुख्य न्यायमूर्ती असलेले धनंजय चंद्रचूड. तोवर १ लाख ३७ हजारांच्या आसपास शिक्षामित्र कायम होऊन चाळीस हजारांच्या घरातला पगार घेत होते. २५ जुलै २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल उचलून धरला. एका बाजूला या माणसांची वर्षानुवर्षांची सेवा, दुसऱ्या बाजूला मुलांचा पात्र शिक्षकाकडून शिकण्याचा हक्क. न्यायालयाने पारडं मुलांकडे झुकवलं. शिक्षामित्रांना लागोपाठच्या दोन भरत्यांमध्ये वयाची सवलत आणि अनुभवाचं वजन मिळेल, पण टीईटी द्यावीच लागेल, एवढीच फट ठेवली. सरकारने त्यांना पुन्हा शिक्षामित्र केलं आणि महिना दहा हजार रुपये मानधन ठरवलं. वर्ग तोच, मुलं तीच. घराचं कर्ज मात्र चाळीस हजारांच्या हिशेबाने काढलेलं.

कायद्याच्या अंगाने निकालात खोट काढणं कठीण आहे. केंद्रीय कायद्याने ठरवलेली पात्रता राज्याने परस्पर सोडून द्यायची म्हटली, तर पात्रतेला अर्थ उरत नाही. पण १९९९ ते २०१४ या काळात कमी मानधनावर शाळा चालवून राज्याने जो पैसा वाचवला, त्याचा हिशेब त्या खटल्यात कुणी मागितला नाही. तो मागायची सोयही तिथे नव्हती.

बिहारचा खटला पात्रतेपेक्षा पगाराचा होता. २००६च्या नियमांनी तिथे पंचायती आणि नगरसंस्थांमार्फत ‘नियोजित’ शिक्षक नेमले गेले. सुरुवातीचा पगार प्रशिक्षिताला पाच हजार आणि अप्रशिक्षिताला चार हजार. शेजारच्या वर्गात जुना, सरकारी श्रेणीतला शिक्षक त्याच्या कितीतरी पट पगार घेत होता. पुस्तक एक, घंटा एक, मग पगार दोन का, असा सरळ सवाल घेऊन साडेतीन लाखांच्या आसपास शिक्षकांची बाजू न्यायालयात गेली. ‘समान कामाला समान वेतन’ हे तत्त्व राज्यघटनेच्या ३९व्या अनुच्छेदात आहे. २०१६ साली पंजाबच्या जगजीत सिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तात्पुरत्या कर्मचाऱ्यांनाही नियमित श्रेणीचा किमान पगार देण्याचा मार्ग मोकळा केला होता. ३१ ऑक्टोबर २०१७ रोजी पाटणा उच्च न्यायालयाने नियोजित शिक्षकांच्या बाजूने कौल दिला आणि बिहारभर गुलाल उधळला गेला.

तो फार काळ टिकला नाही. सर्वोच्च न्यायालयात बिहार सरकारच्या जोडीला केंद्र सरकारही उभं राहिलं. बिहारला दिलं तर बाकीची राज्यंही मागतील, ही केंद्राची धास्ती. न्या. अभय सप्रे आणि न्या. उदय लळित यांच्या खंडपीठाने १० मे २०१९ रोजी उच्च न्यायालयाचा निकाल फिरवला. जुन्या शिक्षकांचा संवर्ग मरणपंथाला लागलेला आहे, त्यात नवी भरती नाही. नियोजित शिक्षकांची नेमणूक वेगळ्या पद्धतीने, वेगळ्या यंत्रणेने झाली. मर्यादित पैशात जास्तीत जास्त मुलांपर्यंत शाळा पोचवण्यासाठी राज्याने हा मार्ग पत्करला, म्हणून दोन वर्ग वेगळे ठेवणं घटनाबाह्य नाही, असा युक्तिवाद मान्य झाला. मात्र निकालाच्या शेवटी न्यायालयाने राज्याला सुचवलं की राज्याच्याच समितीने शिफारस केलेल्या पातळीपर्यंत तरी पगार वाढवण्याचा विचार करा, आणि त्यासाठी पुन्हा परीक्षेची अट घालू नका. सूचना म्हणजे आदेश नव्हे, हे सरकारांना फार चांगलं ठाऊक असतं. २०२४मध्ये बिहारने नियोजितांसाठी सक्षमता परीक्षा घेतली; ती उत्तीर्ण होईल तो ‘विशिष्ट शिक्षक’, म्हणजे राज्याचा कर्मचारी.

शिक्षामित्रांच्या आणि नियोजितांच्या, दोन्ही खटल्यांच्या खंडपीठावर न्या. लळित होते. एका निकालाने सांगितलं, पात्रता नाही म्हणून पद नाही. दुसऱ्याने सांगितलं, काम तेच असलं तरी नेमणूक वेगळी, म्हणून पगार वेगळा. दोन्ही एकापाठोपाठ वाचले की शिक्षकाच्या बाजूने उभं राहायला जागा किती अरुंद आहे, ते दिसतं.

महाराष्ट्राने २००० साली शिक्षण सेवक योजना आणली. पहिली तीन वर्षं ठरावीक मानधन, त्यानंतर नियमित श्रेणी. इथे कमी पात्रतेचा प्रश्नच नव्हता. सेवक डी.एड. किंवा बी.एड. झालेला, पुढे टीईटी आणि अभियोग्यता चाचणी दिलेला, शासनाच्या ‘पवित्र’ भरती पोर्टलवरून निवडलेला. तरीही २०२२ संपेपर्यंत प्राथमिकच्या सेवकाला महिना सहा हजार, माध्यमिकला आठ आणि उच्च माध्यमिकला नऊ हजार रुपये मिळत होते. दिवसाला दोनशे रुपये; गडचिरोली किंवा नंदुरबारला नेमणूक झालेल्या लातूरच्या मुलाने त्यात खोलीभाडं भरायचं आणि घरीही काही पाठवायचं. मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने २०२२ साली हे मानधन वाढवायला बजावलं, तेव्हा १ जानेवारी २०२३पासून ते १६, १८ आणि २० हजार झालं. ‘पात्र नाहीत म्हणून पगार कमी’ हे कारण इतर राज्यांत तरी सांगता येत होतं. इथे तेवढंही नव्हतं.

पगारानंतर प्रशिक्षणाकडे वळावं. शिक्षण हक्क कायद्याने घातलेल्या २०१५च्या मुदतीपर्यंत देशात लाखो शिक्षक अप्रशिक्षितच राहिले होते. संसदेने २०१७मध्ये कायदा दुरुस्त करून त्यांना ३१ मार्च २०१९पर्यंत मुदत दिली. राष्ट्रीय मुक्त विद्यालयी शिक्षण संस्थेने, म्हणजे एनआयओएसने, १८ महिन्यांचा डी.एल.एड. अभ्यासक्रम ऑनलाइन आणि दूरदर्शनच्या मदतीने चालवला. तेरा लाखांच्या आसपास शिक्षकांनी नोंदणी केली. सरकारनेच सांगितलेला, सरकारी संस्थेने घेतलेला आणि सरकारनेच प्रमाणपत्र दिलेला अभ्यासक्रम. मग हे लोक दुसऱ्या भरतीत अर्ज करू लागले तेव्हा प्रश्न निघाला की नियमात तर दोन वर्षांची पदविका आहे, ही दीड वर्षाची कशी चालेल? नोव्हेंबर २०२३मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती चालणार नाही असं ठरवलं. डिसेंबर २०२४मध्ये खुलासा केला की १० ऑगस्ट २०१७ रोजी जे सेवेत होते आणि ज्यांनी मुदतीत अभ्यासक्रम पुरा केला, त्यांची पदविका वैध धरावी. वर्षभरात एकाच कागदाची किंमत आधी शून्य झाली आणि मग पुन्हा पूर्ण.

बी.एड.वाल्यांचं याच्या उलट झालं. त्यांची पदवी वरची होती आणि तीच आडवी आली. २८ जून २०१८च्या अधिसूचनेने एनसीटीईने त्यांना पहिली ते पाचवीला शिकवायची दारं उघडली. दोन वर्षांत सहा महिन्यांचा सेतू अभ्यासक्रम करायचा, एवढीच अट. डी.एल.एड. झालेले उमेदवार कोर्टात गेले. सहा-सात वर्षांच्या मुलाला शिकवणं हे वेगळं शास्त्र आहे आणि बी.एड.मध्ये ते शिकवत नाहीत, हे त्यांचं म्हणणं सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२३ रोजी मान्य केलं आणि अधिसूचना रद्द झाली. हे म्हणणं खरंही आहे. पहिलीतल्या पोराला अक्षरओळख करून देणं नववीला बीजगणित शिकवण्याहून अवघड असतं, हे कुठलाही अनुभवी गुरुजी सांगेल. पण छत्तीसगडमध्ये याच सुमाराला बी.एड.धारकांची भरती झाली होती. ती निकालाच्या अधीन राहून झालेली असल्याने २०२४ संपताना आणि २०२५ उजाडताना त्यांना घरी पाठवलं गेलं. रायपूरला थंडीत महिनोन् महिने आंदोलन चाललं. अखेर एप्रिल २०२५मध्ये मंत्रिमंडळाने २६००हून अधिक जणांना विज्ञान प्रयोगशाळेचे सहायक शिक्षक म्हणून सामावून घ्यायचं ठरवलं. प्राथमिकचा वर्ग नको, तर परीक्षानळ्या घ्या, असा हा तोडगा.

या सगळ्यानंतर आला १ सप्टेंबर २०२५चा निकाल, आणि तो महाराष्ट्राच्या नावाने ओळखला जातो: अंजुमन इशात-ए-तालीम ट्रस्ट विरुद्ध महाराष्ट्र शासन. न्या. दीपांकर दत्ता यांच्या खंडपीठापुढे दोन प्रश्न होते. अल्पसंख्याक संस्थांच्या शाळांना टीईटी लागू आहे का, हा एक. शिक्षण हक्क कायदा येण्यापूर्वीच सेवेत असलेल्या शिक्षकांनीही टीईटी द्यायची का, हा दुसरा. तमिळनाडूतून आलेल्या प्रकरणांत पदोन्नतीसाठी टीईटी हवी की नको, हाही मुद्दा होता.

जुन्या शिक्षकांची भिस्त २०१०च्या अधिसूचनेवर होती. ३ सप्टेंबर २००१पासून लागू असलेल्या नियमांनुसार किंवा त्याआधी नेमलेल्यांना नवी पात्रता मिळवण्याची गरज नाही, अशी सूट त्यात होती. पंधरा वर्षं सगळे याच भरवशावर होते. शिक्षकही आणि पगारबिलं काढणारी कार्यालयंही. न्यायालयाने कायद्याच्या कलम २३कडे बोट दाखवलं. किमान पात्रता नसलेल्या शिक्षकाने ती ठरावीक मुदतीत मिळवावी असं कायदा म्हणतो आणि टीईटी हा त्या पात्रतेचाच भाग आहे. अधिसूचना कायद्यापेक्षा मोठी होऊ शकत नाही. मात्र हजारो घरं एका फटक्यात उघडी पडू नयेत म्हणून घटनेच्या अनुच्छेद १४२ खालचे विशेष अधिकार वापरले. निवृत्तीला पाच वर्षांहून कमी काळ उरलेल्यांनी टीईटीशिवाय राहावं, पण पदोन्नती मागू नये. बाकीच्यांनी दोन वर्षांत, म्हणजे २०२७च्या सप्टेंबरपर्यंत, परीक्षा उत्तीर्ण व्हावं. नाही झाले तर सेवा सोडावी किंवा सक्तीने निवृत्त व्हावं. पुरेशी सेवा झाली असेल तर निवृत्तीचे लाभ मिळतील.

निकालानंतर सगळ्यांनी दिनदर्शिका काढून उरलेली वर्षं मोजली. ५३ ओलांडलेले सुटले, त्याखालचे अडकले. महाराष्ट्रात निवृत्तीचं वय ५८ असल्यामुळे रेषा पन्नाशी ओलांडल्यावर थोड्याच अंतरावर पडली. आणि परीक्षा कशी? दीडशे गुण, खुल्या वर्गाला ६० टक्के हवेत. बालमानसशास्त्र आहे, दोन भाषा आहेत, गणित आणि परिसर अभ्यास आहे. राज्यात २०१३पासून ही परीक्षा होते आणि उत्तीर्णांचं प्रमाण बहुतेक वेळा एकआकडी टक्क्यांत राहिलं आहे. तरण्याबांड उमेदवारांचा हा निकाल. ज्याने पंचवीस वर्षं चौथीला शिकवलं, शिष्यवृत्तीला मुलं बसवली, जनगणना केली, निवडणुकीच्या पेट्या उचलल्या, त्याने आता बहुपर्यायी प्रश्नांची उजळणी करायची.

परीक्षेच्या विश्वासार्हतेचं ओझंही आहेच. २०१९च्या टीईटीत पैसे घेऊन गुण फिरवल्याचं पुणे सायबर पोलिसांच्या तपासात उघड झालं. राज्य परीक्षा परिषदेच्या तत्कालीन आयुक्तांनाच अटक झाली आणि सात हजारांहून अधिक परीक्षार्थी अपात्र ठरले. २३ नोव्हेंबर २०२५च्या परीक्षेच्या तोंडावर कोल्हापूर जिल्ह्यात पेपर फोडू पाहणारी टोळी पकडली गेली. नोकरी टिकवायची भीती जितकी मोठी, तितका दलालाचा भाव वाढणार, हे सांगायला भविष्यवेत्ता लागत नाही. ५ डिसेंबर २०२५ रोजी शिक्षकांनी राज्यभर शाळा बंद ठेवल्या. मागण्यांत टीईटी होती, संचमान्यता, म्हणजे शाळेतल्या मंजूर शिक्षकांची संख्याही होती.

दरम्यान, ज्या प्रश्नावरून हा खटला नावारूपाला आला, तो अल्पसंख्याक शाळांचा प्रश्न सुटलेला नाही. २०१४ साली पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने प्रमती खटल्यात अल्पसंख्याक संस्थांना शिक्षण हक्क कायद्यातून वगळलं होतं. तो निकाल फेरविचारासाठी मोठ्या पीठाकडे जावा का, हे ठरवण्यासाठी खंडपीठाने प्रकरण सरन्यायाधीशांकडे पाठवलं आणि तोवर या शाळांना टीईटीची सक्ती नाही असं सांगितलं. न्यायालयाचं दार ठोठावणाऱ्या संस्थेच्या शाळांना त्यामुळे तूर्तास उसंत मिळाली. दोन वर्षांची मुदत पडली ती जिल्हा परिषदेच्या, पालिकेच्या आणि खासगी अनुदानित शाळांतल्या शिक्षकांवर, ज्यांच्यापैकी बहुतेकांनी कधी कुठली याचिका केलीच नव्हती.